बेचाळिसावा भाग

आमच्या गल्लीतल्या पोस्टमनने एकदा गिमिन गुरुजींचं पत्र परत पाठवलं होतं. पाकिटावर नाव होतं हादिवास्कितो, आणि पोस्टमनने शेरा मारला, 'या घरात अशी व्यक्ती नाही, इथे गिमिन मास्तर राहतात.' आता बोला! आमच्या जावातल्या सोलो शहरात जुनी चाल होती, लग्न झालं की सासरा जावयाला मोठेपणीचं नाव द्यायचा. गुरुजींच्या सासऱ्याने दिलं हादिवास्कितो. म्हणून गल्लीत गिमिन, आणि मालिकेच्या शेवटी नावं सरकतात त्यात 'इतिहास सल्लागार हादिवास्कितो'. त्या पत्रावरून गुरुजी आठवडाभर धुसफुसत होते. "एका माणसाची दोन माणसं करून टाकली त्या गाढवाने!" हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे लागणार आहे.

मी लेगियेम. राजेरजवाड्यांच्या मालिकांचा कपडेपट सांभाळते. चाळीस वर्षांत किती राजांना बाटीक नेसवलं आणि किती राण्यांचे अंबाडे बांधले, त्याची मोजदाद नाही. गुरुजींची माझी ओळख भांडणातूनच झाली. साखर कारखान्यामागच्या मैदानात चित्रीकरण चालू होतं. शाळा सुटलेली, गुरुजी सायकलवरून घरी निघालेले. एकदम सायकल आडवी टाकून ओरडतच आत आले.

"थांबवा! थांबवा ते! त्या नोकराच्या कमरेला राजाचं कापड आहे!"

तिरप्या लाटांची नक्षी फक्त राजघराण्याने नेसायची, हे मला काय ठाऊक नव्हतं? पण बाकीची कापडं दोरीवर ओली होती. मी म्हटलं, "मग काय उघडा फिरवू त्याला?"

"अहो बाई, असं नेसला असता तर मुंडकं उडालं असतं त्याचं!"

"उडू द्या की. नाहीतरी पुढच्या भागात मरणारच आहे तो."

हार्योनो म्हणून दिग्दर्शक होते तेव्हा. ते पोट धरून हसले आणि त्यांनी गुरुजींना तिथल्या तिथे कामावर ठेवलं. सकाळी शाळेत मुलांना इतिहास शिकवायचा आणि दुपारपासून आमचा जीव खायचा, असं त्यांचं सुरू झालं. राजापुढे उकिडवं बसतच चालायचं, हे त्यांनी नटांकडून एवढं करून घेतलं की आमच्या सेनापतीचे गुडघे सुजले आणि बिचाऱ्याने लढाई घोड्यावरून न उतरता जिंकली. राजाचा विडा कुठल्या हाताने द्यायचा, राणीच्या कानात काय, दरवाजाला कडी की आडणा, काही म्हणून सोडायचे नाहीत. दरबारातले जुने ग्रंथ वाचून डोळे लाल करून यायचे. कुणी काही नवीन घुसडायला लागलं की एकच शब्द बोलायचे, "लिहिलेलं नाही." नट त्यांना मागे 'लिहिलेलं-नाही गुरुजी' म्हणायचे. मीही म्हणायचे, खोटं कशाला बोलू?

पण एकदा, फक्त एकदा, त्यांनी तो शब्द गिळला.

मालिका होती कार्तासुरा शहरातला राजवाडा लुटला गेला आणि राजा पूर्वेला पळाला, त्या वेळची. त्यात सेंगकुत नावाचा एक पोरगेला सेवक होता, राजाचा पानाचा डबा सांभाळणारा. त्याने राजाला खांद्यावर घेऊन भरलेली नदी पार केली, असं ग्रंथात आहे. त्यानंतर त्याचं नाव कुठेच येत नाही. दुसऱ्या एका ग्रंथात विरापती नावाचा सरदार आहे. त्याने तीन वर्षांनी राजाची गुपितं गोऱ्यांच्या कंपनीला विकली. हा आधी कोण होता, कुठून आला, काही नाही.

हार्योनोंना बेचाळिसाव्या भागात मरण पाहिजे होतं. मंगळवार होता, जेवणाची सुट्टी, सगळ्यांच्या पानात पालेभाजी आणि शेंगदाण्याची आमटी. मी शेजारीच बसले होते.

"सेंगकुत पुढे दिसत नाही, म्हणजे मेला ना?" हार्योनो म्हणाले.

"लिहिलेलं नाही."

"मग कुणीतरी मारला असेल की. तो विरापती होता का तिथे?"

गुरुजी बराच वेळ घास चावत बसले. तीन दिवस चित्रीकरण अडलं होतं, सगळे त्यांच्याकडेच बघत होते. शेवटी हार्योनोंकडे बघत ते म्हणाले, "असेल."

एवढंच. असेल.

विरापतीने नदीच्या काठावर सेंगकुतला मागून खंजीर खुपसला आणि अख्खी जावा रडली. मीसुद्धा रडले हो, त्याच्या सदऱ्याला लाल रंग मीच लावला होता तरी रडले! सेंगकुतची कबर केदुंगसारी गावात आहे. तिथले लोक स्वतःला त्याचे वंशज म्हणवतात. त्यांनी वेशीवर कमान उभारली आणि कमानीवर सिमेंटचा भला मोठा पानाचा डबा बसवला. आणि नदीच्या अलीकडचं वातुजाजार गाव विरापतीच्या वंशजांचं. त्या गावच्या पोरांना बाजारात 'खुनी' म्हणायला लागले.

वातुजाजार माझं माहेर आहे. हे गुरुजींना ठाऊक नव्हतं, आणि मीही कधी बोलले नाही. पोट त्या मालिकेवर होतं माझं.

वर्षं गेली. हार्योनो वारले, गुरुजी शाळेतून निवृत्त झाले, त्यांचं नाव एवढं झालं की राजाची गोष्ट काढायची तर आधी हादिवास्कितोंना विचारा. आणि लारास नावाच्या नव्या दिग्दर्शिकेने तीच मालिका पुन्हा काढायला घेतली. आम्ही दोघं म्हातारे पुन्हा कामावर.

त्याच वेळी माझ्या भावाच्या, पार्तोच्या, मुलीचं लग्न मोडलं. निंगरुम तिचं नाव. गुणी पोर, दवाखान्यात नर्स आहे. तिचं जमलं कुणाशी, तर केदुंगसारीच्या सेनोशी. सेनोचे आजोबा जोयो, सगळं गाव त्यांना म्बाह म्हणजे आजोबाच म्हणतं, सेंगकुतच्या कबरीचे पुजारी. ते म्हणाले, वातुजाजारची सून आमच्या उंबऱ्यात यायची नाही. तीनशे वर्षांची बंदी आहे, मोडली तर घरातला कर्ता मरतो. तीनशे वर्षांची! माझी स्वतःची आत्या केदुंगसारीला दिली होती, मालिकेच्या आधी. तिचा नवरा ब्याऐंशी वर्षं जगला. पण ऐकतंय कोण?

निंगरुम माझ्याकडे आली, रडली नाही. म्हणाली, "बुलिक, खून कुणी केला, आणि लग्न माझं का मोडतं?" मी तिची बुलिक, म्हणजे आत्या, जन्मभर शब्दाला शब्द देणारी बाई. उठले आणि तडक गुरुजींच्या घरी गेले.

"गुरुजी, तुमच्या एका 'असेल'ने माझ्या भाचीचं वाटोळं केलंय."

त्यांना काही कळेना. मग मी सगळं सांगितलं, मंगळवारच्या जेवणापासून. ऐकता ऐकता त्यांचा चेहरा पांढरा पडला. "यु येम," म्हणाले, मला ते ताई म्हणून यु म्हणतात, "तुम्ही वातुजाजारच्या? आणि इतकी वर्षं काही बोलला नाहीत?"

"तुम्ही विचारलंत कधी?"

मग एकदम त्यांनी विचारलं, "विरापतीचं घरात काही आहे का तुमच्या?"

होतं ना. एक खंजीर आणि एक कागद, पिवळ्या फडक्यात गुंडाळून लाकडी पेटीत. वर्षाच्या पहिल्या, सुरो महिन्यात खंजिराला लिंबाच्या रसाने अंघोळ आणि कागदाला धूप. उघडायचा नाही. जुन्या लिपीतला, उघडून तरी कोण वाचणार? पणजोबांपासून आम्ही त्याला नुसता धूप घालतोय. आणि हे इतिहासकार, तीस वर्षं गावोगाव कागद शोधत हिंडले, पण गद्दाराच्या घरी काही असेल असं त्यांच्या मनातच आलं नाही.

पार्तोने खूप आढेवेढे घेतले. शेवटी निंगरुमच म्हणाली, "बाबा, ज्याच्यामुळे माझं लग्न मोडलं त्याचा कागद तरी बघू द्या." पेटी उघडली. कागद धुराने काळवंडलेला, वाळवीने जाळी केलेली. गुरुजी भिंगातून तासभर बघत राहिले. घाम पुसायचे, परत बघायचे. मग भिंग खाली ठेवलं आणि खुळ्यासारखे हसायला लागले.

"राजाचं पत्र आहे हे. 'ज्याने मला खांद्यावर घेऊन पाणी पार केलं त्या सेंगकुतला आजपासून विरापती हे नाव आणि ही जमीन.'"

आम्ही सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागलो.

"म्हणजे?" पार्तो म्हणाला.

"म्हणजे एकच माणूस! लहानपणीचं नाव सेंगकुत, मोठेपणीचं विरापती. मी गिमिन आणि मी हादिवास्कितो. तसं!" कपाळावर हात मारून घेतला त्यांनी. "एका माणसाला मी त्याचाच खून करायला लावला, यु येम."

माझं तर डोकंच चक्रावलं. ज्याच्यासाठी रडले तोही तोच, ज्याला शिव्या दिल्या तोही तोच. मग राजाला खांद्यावर घेणाऱ्याने राजाची गुपितं का विकली? गुरुजींना विचारलं तर म्हणाले, "कळत नाही. मलाही कळत नाही." निंगरुम मात्र त्याच दिवशी पहिल्यांदा पोटभर जेवली.

दुसऱ्या दिवशी गुरुजी, पार्तो आणि मी केदुंगसारीच्या चावडीत. सगळं गाव जमलेलं. गुरुजींनी कागद दाखवला, वाचून दाखवला, समजावलं. नुसता गोंधळ उडाला. एक म्हणे, मग कमानीवरचा डबा उतरवायचा का? दुसरा म्हणे, विरापतीची कबर वातुजाजारला आहे, मग आमच्या कबरीत कोण झोपलाय? तिसरा त्याहून शहाणा. तो म्हणाला, एकच पूर्वज म्हणजे मुलगा-मुलगी बहीण-भाऊ झाले, आता तर लग्न मुळीच नको! नऊ पिढ्यांपूर्वीचे बहीण-भाऊ, बरं का!

म्बाह जोयो मात्र म्हणाले, "कागदाचं मला सांगू नका. खून मी माझ्या डोळ्यांनी पाहिलाय."

"कुठे पाहिलात?"

"टीव्हीवर."

"म्बाह, तो मी रचला होता," गुरुजी हात जोडून म्हणाले. "जेवता जेवता. मंगळवारी. ही बाई साक्षीला आहे."

म्बाह जोयोंनी त्यांच्याकडे कीव येऊन बघितलं. "वय झालं की होतं असं, मास्तर. विसरायला होतं." सगळी चावडी हसली. मग ते म्हणाले, "टीव्हीवर दाखवा. तिथे दिसलं तर मानीन, आणि नात्याचंही बघीन."

परत येताना मला गुरुजींचा राग आला होता आणि दयाही येत होती, दोन्ही एकदम. जन्मभर खऱ्यासाठी भांडलेला माणूस, आणि लोकांनी त्याची धरून ठेवली ती एकुलती एक खोटी गोष्ट.

लारासकडे गेलो. ती बेचाळिसाव्या भागाचीच जुळवाजुळव करत होती.

"खून काढायचा?" ती म्हणाली. "गुरुजी, लोक त्याच्यासाठी तर बसणार आहेत. खून नाही तर बघतील काय?"

"नाव देणं बघतील." गुरुजी असं बोलताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. "राजा दलदलीत बसलाय, सगळं गेलंय. द्यायला काही उरलं नाही. म्हणून तो त्या पोराला नाव देतो. पोरगा खूश आहे, त्याला माहीत नाही की आईने हाक मारलेलं नाव आज संपलं. आणि ते नवीन नाव ऐकल्यावर बघणाऱ्यांच्या अंगावर काटा येईल, कारण ते नाव त्यांना ठाऊक आहे. तीस वर्षं ते त्या नावाला शिव्या देतायत."

लारास पेन चावत राहिली. मी म्हटलं, "मी राजाच्या अंगावरचं तिरप्या लाटांचं कापड सोडवते आणि त्या पोराला नेसवते. नोकराच्या कमरेला राजाचं कापड." गुरुजींकडे बघून म्हटलं, "आता मुंडकं उडणार नाही ना?"

लारासने जुनी पानं टराटरा फाडली.

तो भाग लागला त्या संध्याकाळी मी मुद्दाम वातुजाजारला गेले. राजाने पोराच्या कमरेला कापड गुंडाळलं आणि म्हणाला, आजपासून तू विरापती. पार्तो उठून मागच्या दारी गेला. तोंड धुवायला जातोय म्हणाला, पण मला ठाऊक होतं.

सकाळी सात वाजता दारात म्बाह जोयो. मागे सेनो, त्याच्या हातात राजकेळ्यांचा घड, मागणी घालताना नेतात तसा.

"पाहिलं मी," म्हातारा म्हणाला. "आता पटलं."

गुरुजींना बोलावून घेतलं होतं. म्बाह जोयो त्यांना बाजूला घेऊन हळूच म्हणाले, "मास्तर, मग आमच्या कबरीत कोण आहे?"

"ते मला सांगता येणार नाही, म्बाह."

"असू दे. कोणीतरी आहे ना? फुलं वाया जात नाहीत म्हणजे झालं."

लग्न महिन्याभरात झालं. नवरा-नवरीला मीच सजवलं, दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही. दोन्ही गावं एका मांडवात. एकमेकांना 'ए भावा' म्हणून चिडवत होती, आणि तो तिसरा शहाणा सगळ्यांत जास्त जेवत होता. पार्तोला जुन्या चालीची हुक्की आली. जावयाला मोठेपणीचं नाव देतो म्हणाला, आणि ते गुरुजींनी सुचवावं.

"नको," गुरुजी पटकन म्हणाले. "सेनोच राहू दे. पुढे एखादा मास्तर घोटाळ्यात पडेल." सगळे हसले. ते हसले नाहीत.

थोड्या वेळाने बघते तर जागेवर नाहीत. मांडवामागे माझ्या कपड्यांच्या पेट्या होत्या, तिथे एका पेटीवर बसलेले. पान तसंच भरलेलं, भात गार झालेला. हातात त्या कागदाचा फोटो. लारासच्या माणसांनी चांगल्या कॅमेऱ्याने काढलेला, प्रत्येक अक्षर हरभऱ्याएवढं.

"यु येम, जरा बघा."

"मला कुठे ती लिपी येते?"

"लिपी नको. इथे काय दिसतंय सांगा."

"भोक दिसतंय. वाळवीचं."

"हो ना," गुरुजी म्हणाले. "नाव तिथे आहे. म्हणजे असायला पाहिजे. 'ज्याने मला खांद्यावर घेऊन पाणी पार केलं त्या', आणि मग भोक, आणि मग 'आजपासून विरापती'."

मला समजायला वेळ लागला. "पण तुम्ही वाचलंत! आमच्यासमोर! सेंगकुत म्हणालात!"

"वाचलं. मला दिसलं ते नाव, शपथ घेऊन सांगतो, त्या दिवशी भिंगातून दिसलं. आता दिसत नाही." त्यांनी फोटो उलटा करून मांडीवर ठेवला. "काल रात्रभर ग्रंथ चाळला. राजा पळाला ना, त्या वाटेवर नद्या तीन लागल्या. सेंगकुतने एक पार करून दिली. बाकीच्या दोन कुणी, ते लिहिलेलं नाही."

मांडवात निंगरुम सेनोला पहिला घास भरवत होती, पोरी ओरडत होत्या. तिच्या कपाळावर मीच काढलेली काळी नक्षी घामाने जरा पुसली होती. मला तिथे जाऊन ती नीट करायची होती. आणि या माणसाला गदागदा हलवून विचारायचं होतं की आत्ता सुचलं का हे? आत्ता?

"पण तोच असेल ना?" मी म्हटलं. "गुरुजी, तोच असेल."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मागच्या वेळी हार्योनोंकडे बघत होते, तसंच.

"असेल," ते म्हणाले. मग म्हणाले, "तेव्हाही मी हेच म्हणालो होतो, यु येम. सांगू का आत जाऊन? तुम्ही सांगा. तुम्ही म्हणाल ते करतो."

मी त्यांच्या पुढ्यातलं गार पान उचललं, आत गेले, गरम भात वाढून आणला आणि ते जेवेपर्यंत समोर बसून राहिले.

दर सुरो महिन्यात ते आता वातुजाजारला येतात. पेटी उघडून देतो. त्या भोकाचं अजून आम्हा दोघांशिवाय कुणाला ठाऊक नाही. धुपाआधी कागद उन्हाला धरतात, चष्मा काढून बघतात, चष्मा लावून बघतात. यंदा निंगरुमच्या कडेवर मुलगी होती. एक वर्षाची झाली, अजून नाव पक्कं केलेलं नाही, आम्ही नुसतं 'बाळ' म्हणतो. कागद परत फडक्यात गुंडाळताना मी दरवेळी विचारते, "काही दिसलं का?" ते माझ्याकडे बघत नाहीत. यंदा त्या पोरीकडे बघितलं, आणि म्हणाले, धूप घाला आता.